शब्दचर्चा : कापसाचे ‘जीन’

प्रश्न : आमच्याकडे कापूस विकायला नेला की ‘गाडी जीनवर लागली’ असे म्हणतात. मुलाच्या इंग्रजी शब्दकोशात ‘जिन’ हे क्रियापद दिसले. त्याचा अर्थ काय? त्याच नावाच्या मद्याशी किंवा घोड्याच्या जिनाशी त्याचा संबंध आहे का?
– एक वाचक, चोपडा

उत्तर : कापसातील सरकी काढून रुई मोकळी करणे, हा या क्रियापदाचा अर्थ. कापसाशी संबंध नसलेल्या इंग्रजी भाषकाला ते क्वचितच लागते; खानदेशात मात्र ‘जिनिंग’ हा शब्द शाळेचे तोंड न पाहिलेल्या माणसाच्याही बोलण्यात असतो. उमललेल्या बोंडातला कापूस घेऊन बोटांनी एक सरकी सोडवून पाहावी. धागे तिला नुसते चिकटलेले नसतात, तिच्या सालीतूनच उगवलेले असतात, आणि म्हणूनच या कामासाठी यंत्राची गरज पडली.

शब्दाचे मूळही यंत्रातच आहे. लॅटिनमध्ये ‘इंगेनियम’ म्हणजे उपजत बुद्धी. जुन्या फ्रेंचमध्ये त्याचे ‘आंजँ’ झाले आणि अर्थ बुद्धीवरून युक्तीकडे, युक्तीवरून यंत्राकडे सरकला. इंग्रजीत आल्यावर पहिले अक्षर गळून ‘जिन’ उरले व ते सापळा, कप्पी अशा अनेक साधनांना लागले. कापसाच्या यंत्राचे नाव त्यातलेच, आणि क्रियापद त्या नावावरून पडले. एली व्हिटनी यांनी 1794 मध्ये पेटंट घेतलेले दातेरी यंत्र प्रसिद्ध असले, तरी रुळांमधून सरकी वेगळी करणारी चरखी भारतात त्याच्या कितीतरी आधीपासून होती. विहिरीवरचे ‘इंजिन’ हा याच शब्दाचा सख्खा भाऊ. मला विशेष वाटते ते हे की ‘इंगेनियम’मधला मूळ धातू आणि संस्कृत ‘जन्’ एकाच कुळातले असल्याने आपला ‘जन्म’ही या गोतावळ्यात येतो.

मद्याचे नाव डच ‘येनेव्हर’वरून, म्हणजे जुनिपर या झुडपावरून आले आणि घोड्याचे जीन फारसी आहे. दोन्हींचा येथे संबंध नाही.

या क्रियापदाला मराठीत ‘लोढणे’ हा नेमका शब्द आहे. सूतकताईच्या कामात कापूस वेचणे, लोढणे, पिंजणे आणि कातणे हा क्रम ठरलेला होता. मुलाच्या वहीत अर्थ लिहिताना ‘जिनिंग करणे’ असे न लिहिता ‘लोढणे’ लिहावे, अशी माझी विनंती आहे.