गॉस्पेल आणि डान्सहॉल एकत्र कसं जमतं?

प्रश्न : आमच्या चर्चच्या क्वायरमधली पोरं केनियाच्या विली पॉलची गाणी ऐकतात. मोठी मंडळी म्हणतात ही नाचायची गाणी, भक्तीची कुठून? हा माणूस आहे तरी कोण? (एक वाचक, नागपूर)

उत्तर : भाऊ, गॉस्पेल म्हणजे ख्रिस्ती भक्तिगीतं गाऊन पुढे आलेला विली पॉल नैरोबीतल्या माथारे झोपडपट्टीत वाढला, आणि गायिका ग्लोरिया मुलिरोसोबतच्या 'सितोलिया' या स्वाहिली गाण्यानं त्याचं नाव केनियाभर झालं, सितोलिया म्हणजे मी रडणार नाही, आता माथारेत वाढलेल्या पोरानं हे म्हटलं की ते वेगळंच लागतं ना मनाला. पुढे २०१७ मध्ये त्यानं जमैकाच्या गायिका अलेनसोबत 'आय डू' केलं, ते लग्नाचं गाणं, आणि मग हळूहळू गॉस्पेल सोडून प्रेमगीतांकडेच गेला. त्यावर तिकडे लोक लय चिडले. मला विचाराल तर आधीची गाणी त्यामुळे खोटी ठरत नाहीत.

राहिला बीटचा मुद्दा. त्याच्या गाण्यांत डान्सहॉलचा ठेका असतो, डान्सहॉल म्हणजे जमैकाचं नाचायचं संगीत, त्यात एकच ठेका म्हणजे रिडिम घेऊन दहा गायक दहा गाणी करतात, १९८५ चा गाजलेला स्लेंग टेंग रिडिम तर कॅसिओच्या छोट्या कीबोर्डमधल्या तयार ठेक्यावरून आला. ठेका कोणाचाही असो, शब्द आपले. आपल्याकडे भीमगीतं कव्वालीच्या ढंगात गायली, आता डीजेवरही वाजतात, दीक्षाभूमीकडे जाताना ती ऐकून अंगावर काटा येतोच की! पोरांना गाऊ द्या, फक्त शब्द नीट ऐकू येतील एवढाच आवाज ठेवायला सांगा.