ऑर्किड मँटिस फुलांत लपून शिकार करतो, हे खरं आहे का?

अर्धंच खरं आहे. मलेशिया, इंडोनेशिया, थायलंडच्या जंगलात राहणारा हा कीटक आपल्या खंडोबाच्या घोड्याचाच (प्रार्थनाकीटकाचा) भाऊबंद. पण त्याला फुलाच्या आडोशाची गरजच नसते. नुसत्या हिरव्या पानांवर बसला तरी माश्या-मधमाश्या आपणहून त्याच्याकडे येतात, कारण त्यांना तोच फूल वाटतो. मलेशियात केलेल्या प्रयोगांचा निष्कर्ष २०१४ च्या सुमारास प्रसिद्ध झाला. त्यात तिथल्या एका खऱ्या फुलापेक्षा याच्याकडेच जास्त कीटक वळलेले दिसले! मला तर ही गोष्ट लपण्यापेक्षा कितीतरी विलक्षण वाटते.

त्याचे पाय जवळून बघा. मधल्या आणि मागच्या पायांच्या मांड्या चपट्या, गोलसर पसरलेल्या, अगदी पाकळीसारख्या. रंग पांढरा किंवा गुलाबी, आणि काही दिवसांत तो एकातून दुसऱ्यात बदलूही शकतो. पिल्लं तर सातेरी मधमाश्यांना ओढणारा गंधही सोडतात.

अंड्यातून नुकतं बाहेर पडलेलं पिल्लू मात्र लाल-काळं असतं, फुलासारखं मुळीच दिसत नाही. पहिली कात टाकल्यावर त्याला हे रूप येतं. मादी सहा-सात सेंटिमीटरची, नर तिच्या निम्म्याहून लहान.