कण नेमका कधी वळतो? नुसतं व्ही (वेग) = ० काढून थांबू नका

तुमचं समीकरण एक्स = टी³ − ६टी² + ९टी + २ (एक्स म्हणजे सरळ रेषेवर कण कुठे आहे ते, मीटरमध्ये; टी म्हणजे वेळ, सेकंदात), आणि कण दिशा कधी बदलतो ते काढायचंय. तुम्ही एक्स = ० ठेवलंत, टी उणे ०.२ च्या आसपास आला आणि तिथेच गाडी अडली. एक्स शून्य म्हणजे कण ओरिजिनवर, म्हणजे मोजणीच्या शून्य बिंदूवर आहे, बस. तिथून तो सरळ पुढेही निघून जाईल, वळण्याचा त्याच्याशी काही संबंध नाही. तुमचा कण तर टी = ० नंतर ओरिजिनला कधी शिवतच नाही, तरी दोनदा वळतो.

दिशा सांगतं वेगाचं चिन्ह. व्ही प्लस तर पुढे, मायनस तर मागे, आणि प्लसवरून मायनसवर जाताना मधे शून्य लागणारच, म्हणून आपण एक्सचा डेरिव्हेटिव्ह (बदलाचा दर, म्हणजेच वेग) घेऊन शून्य ठेवतो:

व्ही = ३टी² − १२टी + ९ = ३(टी − १)(टी − ३)

म्हणजे टी = १ आणि टी = ३. पण इथे लगेच उत्तर लिहू नका, आधी मधल्या किमती घालून बघा. टी = ० ला व्ही = ९, टी = २ ला −३, टी = ४ ला परत ९. चिन्ह दोन्ही ठिकाणी बदललं, म्हणून दोन्हीकडे कण खरंच वळला, आधी ६ मीटरवर आणि मग २ मीटरवर.

हे तपासायचं का, तर तुमच्याच समीकरणात ९ च्या जागी १२ घाला. व्ही होतो ३(टी − २)². टी = २ ला शून्य येतो खरा, पण वर्ग आहे, मायनस होणारच नाही, म्हणजे कण क्षणभर थांबतो आणि त्याच दिशेने पुढे जातो. आणि १५ घातले तर व्ही ३ च्या खाली येतच नाही, थांबायचाही प्रश्न नाही. एका आकड्याने एवढा फरक पडतो, मला हे फार आवडतं, तिन्हींचे व्ही-टी ग्राफ एकाच कागदावर काढून बघाच. पहिला अक्षाला छेदून खाली जातो, दुसरा नुसता टेकतो, तिसरा वरच राहतो. छेदलं तरच वळला.

तुमचा दुसरा प्रश्न, त्वरण ६टी − १२ हे टी = २ ला शून्य होतं मग तिथे वळतो का. नाही. त्या क्षणी तो मागे जातोय, आणि मागे जाण्याचा त्याचा सगळ्यात जास्त वेग, ३ मीटर प्रति सेकंद, तिथेच आहे. त्वरण वेग कसा बदलतोय ते सांगतं, कण कुठे चाललाय ते नाही. वर फेकलेला चेंडू टोकाला वळतो तेव्हाही त्वरण खाली ९.८ मीटर प्रति सेकंद² असतंच. हां, त्वरणाचा एक उपयोग आहे, व्ही शून्य असताना त्वरण शून्य नसेल तर वळणं पक्कं (तुमच्याकडे टी = १ ला −६ आणि टी = ३ ला +६ येतं). पण दोन्ही शून्य आले तर त्यावरून काहीच ठरवू नका, कारण एक्स = (टी − २)³ असेल तर कण वळत नाही आणि एक्स = (टी − २)⁴ असेल तर वळतो, आणि टी = २ ला दोघांचंही त्वरण शून्यच. अशा वेळी परत चिन्हाकडेच जायचं.

टी निगेटिव्ह आला तर सोडून द्या, आणि टी = ० लाच व्ही शून्य असेल तर ती सुरुवात आहे, वळण नाही.

पेपरात पुढचा प्रश्न बहुतेक ४ सेकंदांत कापलेलं अंतर असा येतो, तिथे हीच वळणं लागतात. एक्स २ वरून ६, ६ वरून २, परत ६. म्हणजे अंतर १२ मीटर, आणि विस्थापन (सुरुवातीपासून शेवटपर्यंत जागेतला फरक) फक्त ४ मीटर.