पीएस४ (प्लेस्टेशन ४) वरचे विकत घेतलेले डिजिटल गेम नव्या पीएस५ वर कसे न्यायचे? (जुना कन्सोल वाशीत विकायचा आहे.)

खरेदी मशीनवर नसते, अकाउंटवर असते. पीएस५ वर तेच अकाउंट उघडा. गेम लायब्ररीत दिसतील, तिथून डाउनलोड करा, पुन्हा पैसे पडत नाहीत. गेम यूएसबी हार्ड डिस्कवर असतील तर ती सरळ पीएस५ ला लावा, फॉरमॅट करू नका.

खरी गोची सेव्हची, म्हणजे गेममध्ये तुम्ही कुठवर पोचलात त्या नोंदीची. ते आपोआप येत नाहीत. पीएस प्लस (सोनीची पैसे भरून घ्यायची मेंबरशिप) असेल तर क्लाउडवरून घ्या, नाहीतर पेनड्राइव्हवर कॉपी करा. किंवा पीएस५ वर सेटिंग्ज, सिस्टम, सिस्टम सॉफ्टवेअर, डेटा ट्रान्सफर. दोन्ही कन्सोल एकाच राउटरवर हवेत. विचारल्यावर पीएस४ चं पॉवर बटण बीप वाजेपर्यंत, सेकंदभर दाबून धरा. हॉलमधला वाय-फाय बेडरूममध्ये रडतखडत येत असेल, तर दोघांमध्ये थेट लॅन केबल टाका.

डिस्कवरचे गेम मात्र डिस्कशिवाय चालणार नाहीत. बिनड्राइव्हचा पीएस५ घेतला असेल तर स्लिम किंवा प्रो मॉडेलला वेगळा डिस्क ड्राइव्ह जोडावा लागेल, जुनं डिजिटल एडिशन असेल तर ते विसरा.

गिऱ्हाइकाच्या हाती देण्याआधी पीएस५ वर सेव्ह उघडून बघा, मगच पीएस४ वर अकाउंट मॅनेजमेंटमधून प्रायमरी (हा तुमच्या अकाउंटचा मुख्य पीएस४ असल्याची नोंद) डीॲक्टिव्हेट करा आणि शेवटी इनिशियलाइझ, म्हणजे सगळं पुसून कन्सोल कोरा करा. उलट क्रमाने केलंत तर सेव्ह गेले.