राष्ट्रीय स्टेडियमला विरोध म्हणजे खेळाला विरोध का?

नाही. मी नाशिकला शाळकरी मुलींना धावायला शिकवते, त्यामुळे चांगलं स्टेडियम मला मनापासून हवंय. तरीही उत्तर नाहीच.

दिल्लीचं जवाहरलाल नेहरू स्टेडियम १९८२ च्या आशियाई खेळांसाठी उभं राहिलं. आशियाडच्या त्या कामांवर लांबलांबून मजूर आणले होते. किमान वेतन दिवसाला ९ रुपये २५ पैसे, त्यातला १ रुपया मजूर आणणारे जमादार कापून घ्यायचे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. त्याच वर्षी निकाल लागला: किमान वेतनाहून कमी पैशांत राबवून घेणं म्हणजे संविधानाच्या कलम २३ नं बंदी घातलेली सक्तीची मजुरीच.

२०१० मध्ये याच स्टेडियमवर आमच्या सावरपाड्याच्या कविता राऊतनं १० हजार मीटरमध्ये कांस्यपदक मिळवलं. राष्ट्रकुल स्पर्धेत ट्रॅकवर वैयक्तिक पदक घेणारी ती पहिली भारतीय महिला. पाड्यावरची पोर तिथवर पोचली, याचं मोल मी जाणते. त्या एका रुपयाची गोष्टही मी मुलींना सांगते.

अशा स्टेडियमच्या कामांतलं राजकारण असतं ते तारखेचं, आणि सिंहस्थ पाहिलेल्या नाशिककराला ते वेगळं समजवावं लागत नाही. तारीख हलत नाही, म्हणून घाईत सगळं मंजूर होतं आणि प्रश्न विचारणारा विकासाच्या आड येणारा ठरतो. सिंहस्थात साधूंच्या मुक्कामाला लागणाऱ्या साधुग्रामासाठी तपोवनातली झाडं तोडण्याला २०२५ मध्ये लोकांनी विरोध केला, तेव्हाही हेच ऐकायला मिळालं.

टोकियोचं उदाहरण मला सगळ्यात जास्त लागतं. १९६४ च्या ऑलिंपिकसाठी घरं गेलेली काही माणसं स्टेडियमशेजारच्या सरकारी वसाहतीत राहायला आली. टोकियोच्याच २०२० च्या ऑलिंपिकच्या नव्या स्टेडियमसाठी ती वसाहतही पाडली. म्हातारपणी दुसऱ्यांदा बिऱ्हाड उचलायचं! खर्च फार वाढतोय म्हणून २०१५ मध्ये पंतप्रधान आबेंनी स्टेडियमचा आराखडा रद्द केला. म्हणजे पैशासाठी फेरविचार होऊ शकला, या माणसांच्या घरांसाठी नाही.

उद्या नाशिकला असं काही होणार असेल, तर निविदेआधी मला तीन गोष्टी लेखी हव्यात. कामावरच्या मजुरीचा दर फाटकावर मराठीत आणि हिंदीत लावा. ज्यांची घरं जाणार त्यांना आधी घराची चावी द्या, मग पाडकाम. आणि स्पर्धा संपल्यावर सकाळी सहा ते आठ ट्रॅक शाळेच्या मुलींना फुकट. आज मैदानात सभेचा मांडव पडला की आम्ही डांबरी रस्त्यावर पळतो.