लग्नाच्या ऑर्डरसाठी जुनं एडिटिंग सॉफ्टवेअर चालेल का?

काकांच्या बंद पडलेल्या स्टुडिओतला कॉम्प्युटर मिळालाय, त्यावर प्रीमियर प्रो सीएस ६ आहे, त्यावर लग्नाच्या ऑर्डर घेऊ का, असं तुम्ही विचारलंय. मी लालबागला राहतो, लग्न-मुंजीचे व्हिडिओ एडिट करतो, आणि सीएस ६ वर माझी सात वर्षं गेलीत. घ्या ऑर्डर. फक्त फूटेज कशावर शूट होणार आहे ते आधी विचारा.

सीएस ६ आलं २०१२ साली. कॅमेऱ्याचं एचडी, एच.२६४ (व्हिडिओ साठवण्याचा जुना, सगळीकडे चालणारा फॉरमॅट), सेकंदाला २५ फ्रेमचं फूटेज असेल तर ते आजही नीट काम देतं. कट, डिझॉल्व्ह, आवाज खालीवर करणं, यात तेव्हापासून काही बदललेलं नाही.

अडतं ते फोनच्या क्लिपांवर, आणि आता प्रत्येक लग्नात त्या येतातच. आयफोन २०१७ पासून एचईव्हीसी या नव्या व्हिडिओ फॉरमॅटमध्ये रेकॉर्ड करतात. ते सीएस ६ उघडतच नाही. दुसरी अडचण लवकर लक्षात येत नाही. दादरच्या एका लग्नात अंतरपाटाशी इतकी गर्दी झाली की आमच्या कॅमेऱ्याला काही दिसेना, म्हणून मुलाच्या आतेभावाच्या फोनमधली मंगलाष्टकं घेतली. पहिलं कडवं बरोबर बसलं. शेवटाकडे मात्र भटजींचे ओठ मिटल्यावर ‘सावधान’ ऐकू यायला लागलं. दोन रात्री मी ती क्लिप तुकडे करकरून सरकवत बसलो. कारण नंतर कळलं: उजेड कमी झाला की फोन फ्रेम कमी करतो, म्हणजे फ्रेमचा वेग सारखा बदलत राहतो, आणि जुनं सॉफ्टवेअर तो कायम एकच धरून चालतं. तेव्हापासून फोनची प्रत्येक क्लिप मी आधी हँडब्रेक या व्हिडिओ बदलून देणाऱ्या सॉफ्टवेअरमधून काढतो. तिथे ‘कॉन्स्टंट फ्रेमरेट’ निवडायचं आणि एच.२६४ करून घ्यायचं. हँडब्रेक फुकट आहे.

मराठी टायटलचंही सांगतो. सीएस ६ मध्ये ‘चि.’ लिहिलं की वेलांटी च च्या पुढे जाऊन बसते आणि जोडाक्षरं फुटतात. पत्रिकेवर बरोबर असलेलं नाव व्हिडिओत चुकलं तर घरच्यांना वाईट वाटतं, आणि वाटायलाच हवं. इंकस्केप या चित्रं काढायच्या सॉफ्टवेअरमध्ये नाव लिहून त्याची पारदर्शक पीएनजी इमेज करा आणि ती टाइमलाइनवर ठेवा.

विंडोज ७ असेल तर त्याचे अपडेट जानेवारी २०२० मध्येच थांबलेत. मशीन नेटला लावू नका. फॉरमॅटही मारू नका. सीएस ६ आता विकत मिळत नाही, पुन्हा ॲक्टिव्हेट करताना अडकाल. सीएस ६ चं प्रोजेक्ट पुढच्या प्रीमियरमध्ये उघडतं, उलटं होत नाही, म्हणून एखादी ऑर्डर अर्धी इकडे अर्धी तिकडे करू नका. फोर-केचं काम यायला लागलं की मात्र नवं मशीन घ्या. त्यावर दाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरेशी आहे, पण तिला ग्राफिक्स कार्ड चांगलं लागतं.

काकांच्या कपाटात मिनीडीव्ही टेपा, म्हणजे जुन्या व्हिडिओ कॅमेऱ्याच्या छोट्या कॅसेट, आहेत का, ते आजच बघा. कॉम्प्युटरला फायरवायर (अशा कॅमेऱ्याची केबल लावायचं जुनं पोर्ट) असेल आणि काकांचा कॅमेरा चालू असेल, तर त्या उतरवायला याच्यासारखं मशीन शोधून मिळणार नाही. तासाच्या टेपेला साधारण १३ जीबी जागा लागते. आपल्या दमट हवेत टेपेला बुरशी धरते, तेव्हा ऑर्डरी नंतर घ्या, टेपा आधी उतरवा.