कंपन्यांची ग्राहक-मासिकं (कंपनी स्वतःच्या ग्राहकांना देते ती मासिकं) काढणाऱ्या एजन्सींची वेगळी संघटना असते का? ती नेमकं काय करते?

हो, ब्रिटनमध्ये आहे. १९९३ साली ती 'असोसिएशन ऑफ पब्लिशिंग एजन्सीज' (एपीए) या नावाने सुरू झाली. आता 'कंटेंट मार्केटिंग असोसिएशन' म्हणून ओळखली जाते, कारण सभासदांचं काम छापील अंकांपुरतं राहिलं नाही. वेगळ्या संघटनेची गरज पडली ती पैसा कुठून येतो यामुळे. ब्रिटिश एअरवेजचं 'हाय लाइफ' किंवा सुपरमार्केटमधलं पाककृतींचं मासिक घ्या: खर्च वाचक नाही, ब्रँड उचलतो. त्यामुळे एजन्सीचा खरा गिऱ्हाईक म्हणजे कंपनीचा मार्केटिंग प्रमुख, आणि त्याचा प्रश्न एकच: एवढे पैसे ओतून विक्री वाढली का? (खपाच्या गप्पा त्याला पटत नाहीत, आणि ते बरोबरच आहे.) एकट्यादुकट्या एजन्सीच्या उत्तरावर कोण विश्वास ठेवणार? म्हणून संघटना प्रामुख्याने हे करते:

- मासिकाचा ग्राहकावर काय परिणाम होतो याचं संशोधन
- दरवर्षीचे पुरस्कार आणि प्रशिक्षण
- कंपन्यांना योग्य एजन्सी शोधायला मदत

मात्र ही नियामक संस्था नव्हे. ती सभासदांच्या हितासाठीच चालते, त्यामुळे 'मासिकाने विक्री वाढते' असे तिचे आकडे थोडे सावधपणेच वाचावेत. खप तपासायचा असेल तर ब्रिटनमधल्या 'ऑडिट ब्युरो ऑफ सर्क्युलेशन्स'चं प्रमाणपत्र मागा. ती संस्था वेगळी आहे, आणि प्रत्येक ग्राहक-मासिक तिच्याकडे नोंदलेलं नसतं.